फुलय पाणी आणते

आयुष्यभर मी शब्द गोळा करण्याचा पगार घेतला, हे आमच्या बापूंना शेवटपर्यंत पटलं नाही. कन्नड गावाजवळच्या डोंगरात त्यांची मेंढरं होती. मी औरंगाबादला कोश मंडळात नोकरीला लागलो, तेव्हा त्यांनी विचारलं, "तिथं करायचं काय आसतं?"

"कोरकू नावाची भाषा आहे, बापू. तिच्या शब्दांचे अर्थ मराठीत लिहायचे."

"ती बोलणारे लोक हायेत का मेले?"

"आहेत की. तिकडं मेळघाटात."

"मंग त्येंला अर्थ ठाव नाय व्हय?"

या प्रश्नाचं उत्तर आमच्या मंडळाकडं नव्हतं आणि मंडळ बंद पडेपर्यंत ते सापडलंही नाही.

आमचा धंदा बाहेरच्या माणसाला दिसतो त्याहून सोपा आणि कंटाळवाणा असतो. एका शब्दाला एक कार्ड. कार्डावर शब्द, त्याचा अर्थ आणि तो वापरलेलं एक वाक्य. वाक्य नसेल तर कार्ड बाद, कारण नुसत्या अर्थावर विसंबलं तर माणूस भलत्या ठिकाणी भलता शब्द वापरून मार खातो. कार्डं चपलांच्या खोक्यात लावायची. गुलमंडीवरचा एक दुकानदार आम्हाला रिकामी खोकी द्यायचा, त्यामुळं आमची अख्खी कोरकू भाषा पुष्कळ दिवस सात आणि आठ नंबरच्या पुरुषी सँडलमध्ये नांदत होती.

कोरकूच का, हेही सांगतो. मराठी, हिंदी एका घरच्या. तेलुगू, कन्नड, गोंडी दुसऱ्या घरच्या. कोरकू या दोन्ही घरांतली नाही. तिचे सख्खे लांब बिहार-बंगालकडं, संताळी, मुंडारी, हो वगैरे. ही सगळी मुंडा भाषांची भावकी. मधे शेकडो कोसांचं अंतर आणि पिढ्यान्‌पिढ्या गाठभेट नाही. तरी संताळीत पाण्याला 'दाक्' आणि कोरकूत 'दा'. सहाला दोघीही 'तुरुई' म्हणतात. ही गोष्ट मला पहिल्यांदा कळली त्या दिवशी मी इतका हरखलो, की घरी जाऊन बायकोला सांगितली. ती म्हणाली, "बरं झालं. येताना कोथिंबीर आणली का?"

कोरकूचा अर्थ अडला की आम्ही संताळीच्या जुन्या, जाडजूड कोशात बहिणीचा पत्ता शोधायचो. तो कोश विद्यापीठाच्या ग्रंथालयातून उसना आणलेला होता. हे उसनं प्रकरण पुढं आम्हाला फार महागात पडलं.

मंडळाचं कार्यालय गारखेड्यात होतं. तेव्हा गारखेडा गावाच्या कडेला होता. चिकलठाण्याला आणि वाळूजला कारखान्यांवर कारखाने येत होते, कारखान्यांत साहेब येत होते आणि त्या साहेबांची घरं आमच्या आजूबाजूला उठत होती. त्यामुळं आमच्याकडं गिऱ्हाइकंही कारखान्यांची यायची. एकदा एका कंपनीचा कामगार-अधिकारी आला. बूट इतके चकचकीत, की त्यात आमची खोकी दिसत होती. त्याच्या ठेकेदारानं संताळ मजूर आणले होते.

"मला संताळीतली पन्नासेक वाक्यं हवीत," तो म्हणाला.

मला आनंद झाला. मी वही काढली.

"लिहून घ्या. उचला. खाली ठेवा. लवकर करा. हसू नका. सुट्टी नाही. उद्या या. साहेब मीटिंगमध्ये आहेत."

"आणि ते काय म्हणतात ते कळायला काही?"

"ते कशाला?" त्यानं खरोखर बुचकळ्यात पडून विचारलं.

मी कोश चाळला. त्यात साल झाडाच्या पानांच्या पत्रावळीपासून धनुष्याच्या दोरीपर्यंत सगळं होतं, पण 'साहेब मीटिंगमध्ये आहेत' याच्या जवळपास जाणारंसुद्धा काही नव्हतं. मी तसं सांगितलं. "मग ही भाषा मागासलेली आहे," असा निकाल देऊन तो गेला.

पण दुसऱ्याला हसण्यात अर्थ नव्हता. आमच्याच मंडळाचं काय होतं ते बघा. मंडळात अध्यक्ष, उपाध्यक्ष, सल्लागार वगैरे मिळून अकरा विद्वान होते आणि कोरकू एकालाही येत नव्हती. येत नसल्यामुळंच ते निःपक्षपाती आहेत, असं अध्यक्ष म्हणायचे. अध्यक्षांचं नाव मी लिहीत नाही. ही सगळी हकिगतच नावांची आहे आणि त्यात आणखी एकाची भर नको. कोरकूंचा प्रत्यक्ष अभ्यास करायला अध्यक्ष एकदा मेळघाटात गेले. चिखलदऱ्याच्या विश्रामगृहात राहिले, थंड हवेनं त्यांची भूक वाढली, आणि येताना मधाच्या बाटल्या आणि मूठभर शब्द घेऊन आले. त्यातले निम्मे शब्द विश्रामगृहाच्या खानसाम्याचे, म्हणजे हिंदी होते.

आणि कोरकू भाषा आमच्या भिंतीपलीकडंच होती.

शेजारी एका साहेबाचा बंगला उठत होता. एका दुपारी मी खिडकीपाशी कार्ड लिहीत होतो आणि खालून एका बाईनं दुसरीला हाक मारून पाणी मागितलं. त्यातला 'दा' मला स्वच्छ ऐकू आला. मी जिना उतरून धावत गेलो. घमेलं डोक्यावर घेतलेली चाळिशीची एक बाई उभी होती. मी धापा टाकत विचारलं, "तुम्ही कोरकू का?"

तिनं आधी मुकादमाकडं पाहिलं, मग माझ्याकडं. "काहून? काई चोरी झाली काय?"

ती फुलय. धारणीकडची. नवऱ्यामागं बांधकामावर आली, नवरा तापानं गेला, ती राहिली. संध्याकाळी काम सुटलं की आमच्या कार्यालयात येऊन बसायची आणि मी विचारीन ते सांगायची. ती काही गरीब गाय नव्हती. माझा उच्चार चुकला की पोट धरून हसायची. स्वतःला एखादा शब्द आठवला नाही की बेधडक नवा ठोकून द्यायची आणि दुसऱ्या दिवशी म्हणायची, "काल लबाड सांगितलं भाऊ, खोडा ते." चहा कपानं नाही, तांब्यानं प्यायची.

पहिल्याच दिवशी तिनं व्यवहार ठरवला. "मले काय भेटन?"

मंडळाच्या नियमात चहा आणि प्रवासखर्च होता. ती भिंतीपलीकडून येत असल्यामुळं प्रवासखर्च बसत नव्हता. मी ओशाळून तसं सांगितलं.

"पैसे ठेवा तुमच्यापाशी," ती म्हणाली. "माह्यं नाव टाकसान काय पुस्तकात?"

"नाव?"

"हौ, नाव. तो मुकादम आमाले समद्याईले 'ए मेळघाट' म्हणते. एकीले हाक मारली का पाच जणी वळून पायतात. माही लेक जमुना तिकडं आश्रमशाळेत हाय. वाचते ते. तिनं पुस्तकात मायचं नाव वाचलं पायजे."

मी म्हटलं, "टाकू की." मला वाटलं, यात अवघड काय आहे? अवघड काय आहे ते मला मंडळाच्या सभेत कळलं.

"निवेदकाचं, म्हणजे शब्द सांगणाऱ्याचं, नाव घालायची पद्धत नाही," उपाध्यक्ष म्हणाले.

"भाषा सर्वांची असते," सल्लागार म्हणाले.

"उद्या गवंडी म्हणेल, ताजमहालावर माझं नाव घाला," अध्यक्ष म्हणाले आणि सगळे हसले. मग उरलेली सभा अकरा नावांचा क्रम ठरवण्यात गेली. वयानं लावायचा की विद्वत्तेनं, यावरून दोघांचं बोलणं पुढं वर्षभर बंद होतं.

माझ्या शेजारी आमचे मुद्रितशोधक भीमराव बसायचे. विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि मराठवाड्यातली गावं पेटली, त्यात भीमरावांचं गावातलं घर जळालं होतं. त्यानंतर सत्याग्रहात ते तुरुंगात जाऊन आले. सरकार मात्र ठराव उशाशी घेऊन वर्षानुवर्षं विचार करत होतं. सभेनंतर ते मला म्हणाले, "कारभारी, तुम्ही त्या बाईला शब्द देऊन बसला. आता मागं फिरू नका. ज्याला सगळ्यांनी वाट्टेल ती हाक मारली, त्यालाच नावाची भूक आसती."

मी मागं फिरणार नव्हतो, पण पुढं कसं जायचं तेही कळत नव्हतं. फुलय रोज विचारायची, "टाकलं काय?" मी म्हणायचो, "काम चालू आहे." त्या काळात मला तिच्यासमोर बसायची लाज वाटायची.

वाट निघाली ती मंडळाच्या भित्रेपणातून. शहरात मोर्चे निघत होते, प्रतिमोर्चे निघत होते, बंद पुकारले जात होते. आमच्या मंडळानं तटस्थ राहायचा ठराव केला होता. तटस्थपणा म्हणजे काय, तर कोशातल्या कुठल्याही वाक्यानं कुठल्याही बाजूचा माणूस दुखावता कामा नये. सगळी कार्डं पुन्हा तपासायला बसवली. 'आकाश निळे आहे' हे वाक्य निळ्यामुळं गेलं. 'सकाळी आकाश भगवे दिसते' हे तर गेलंच. शेवटी 'आकाश वर आहे' हे मंजूर झालं. 'मोर्चा' शब्द कोरकूत नाही याचं सर्वांनी समाधान व्यक्त केलं.

मग प्रश्न आला माणसांचा. वाक्यात कोणीतरी पाणी आणतं, झाड तोडतं, डोंगर चढतं. हे कोणी करायचं? मी सवयीनं सगळीकडं राम घातला होता.

"राम नको," उपाध्यक्ष म्हणाले. "उगाच रंग चढेल."

"रहीम?"

"एकटा रहीम नको. दोघं मिळून आणले तर सरकारी जाहिरात वाटेल."

"भीम?" सल्लागारांनी विचारलं आणि लगेच जीभ चावली, कारण भीमराव समोरच बसले होते. भीमराव प्रुफातून मान वर न काढता म्हणाले, "माझी हरकत नाय. पाणी आणायची सवय हाय आमाला. भरू द्यायचं का नाय, ते तुमी ठरवा."

सल्लागारांनी घाईनं पुढचं कार्ड उचललं. मग गणपत गेला, शिवाजी तर उच्चारायच्या आधीच गेला, सुशीला गेली, कारण उपाध्यक्षांच्या पत्नीचं नाव सुशीला होतं. अध्यक्ष वैतागले. "अहो, ज्याच्यासाठी कोणीही मोर्चा काढणार नाही असं एक तरी नाव आहे का या देशात?"

"हाय की," भीमराव म्हणाले. "फुलय."

"हे काय आहे?"

"कोरकू नाव आहे साहेब," मी घाईनं म्हणालो. "इकडं कोणाचंच नसतं."

"कोणत्या गटाचं?"

"कोणत्याच नाही."

अध्यक्षांनी ते नाव दोनदा उच्चारून पाहिलं, त्यात कोणी सापडतं का याचा अंदाज घेतला आणि म्हणाले, "उत्तम. निरुपद्रवी आहे. सगळीकडं हेच घाला." ठराव एकमतानं झाला. रोज संध्याकाळी जिन्यात चप्पल काढून बसणाऱ्या बाईचं हे नाव आहे, हे अकरांपैकी एकालाही माहीत नव्हतं. तिला कोणी नाव विचारलंच नव्हतं. जिना उतरताना भीमराव आणि मी एकमेकांचे खांदे धरून हसलो.

फुलयला मी तेव्हा सांगितलं नाही. पुस्तक हातात देऊनच सांगायचं ठरवलं. तेवढ्यात बंगला पुरा झाला, साहेब राहायला आला आणि फुलय गावी निघाली. जाताना तिनं विचारलंच, "नाव?"

"पुस्तक घेऊन मी स्वतः येतो," मी म्हणालो.

यायला मला किती वर्षं लागली असतील, ते आमच्या मंडळाला ओळखणाऱ्यालाच कळेल. कोशाचे सगळे फर्मे, म्हणजे एकदम छापायच्या पानांचे ताव, शहागंजात हबीबभाईंच्या छापखान्यात छापून माळ्यावर पडले. राहिला तो पहिला फर्मा, ज्यात अकरा नावं आणि आभार होते. आभार मानायचे होते त्या उसन्या संताळी कोशासाठी, म्हणजे विद्यापीठाचे. पण कोणत्या नावाच्या विद्यापीठाचे? जुनं नाव छापलं तर एक बाजू येणार, नवं छापलं तर दुसरी. आभार न मानणं हा कृतघ्नपणा. अध्यक्षांनी स्वतः मजकूर केला, "लेण्यांच्या पायथ्याशी वसलेल्या सुप्रसिद्ध ज्ञानस्थळाचे आम्ही ऋणी आहोत." भीमराव म्हणाले, "पर्यटनाचं पत्रक झालंय हे." तेही बाजूला पडलं. मंडळानं वाट बघायचं ठरवलं.

वाट बघत होते हबीबभाईसुद्धा. त्यांनी तो फर्मा जुळवून, दोरीनं बांधून ठेवला होता आणि त्यांच्याकडचे सर्वांत मोठे, नक्षीचे अक्षरांचे खिळे त्यात अडकले होते. मी दिसलो की ते सुरू करायचे, "कारभारीभाई, मेरा सबसे बढिया टाइप तुमारे अध्यक्ष के नाम में फंस को बैठा है. शादी के कार्डां कायसे छापूं मैं? दूल्हे का नाम छोटा, बाप का नाम छोटा. लोगां पूछतैं, शादी है के मयत?"

"थोडं थांबा, हबीबभाई."

"मैं तो थांबतौं. दूल्हे नै थांबते ना!"

मला हसू यायचं आणि रडूही यायचं. माळ्यावर फुलयचं नाव हजारो वेळा छापून तयार होतं आणि अकरा माणसं एका नावाला घाबरून ते अडवून बसली होती.

अखेर एका जानेवारीत विद्यापीठाला नाव मिळालं. पुरतं नामांतर नव्हे, जुन्या नावाला जोडून नामविस्तार. भीमराव पेढे घेऊन कार्यालयात आले. त्यांनी सगळ्यांना पेढे दिले, आपल्या खुर्चीवर बसले आणि रुमालात तोंड घालून रडले. इतक्या वर्षांत मी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं. अध्यक्ष पेढा खात म्हणाले, "आमचा विरोध कधीच नव्हता."

"व्हय," भीमराव डोळे पुसत म्हणाले. "पाठिंबा पण कवा दिसला नाय."

पहिला फर्मा छापला. हबीबभाईंचे खिळे सुटले आणि त्या हंगामात शहागंजातल्या नवरदेवांची नावं पुन्हा मोठी झाली.

बांधणी होऊन पहिली प्रत आली तशी मी ती पिशवीत घातली आणि एसटी धरली. परतवाड्याला गाडी बदलून धारणी, तिथून जीप, मग पायी. समोरासमोर घरांच्या दोन ओळी, मधे रुंद स्वच्छ गल्ली, दारादारात वाळत टाकलेला मोह. फुलय दारात बाज विणत होती. केस पांढरे झाले होते. मला बघून म्हणाली, "आता आले काय भाऊ? मले वाटलं, मेले असान."

लेक जमुना आता अंगणवाडीत शिकवत होती. मी पुस्तक तिच्या हातात दिलं. तिनं पहिलं पान उघडून अकरा नावं वाचली. फुलयचा चेहरा उतरत गेला. "यात मी नाही."

"पुढं बघा," मी म्हणालो. "कुठलंही पान."

जमुनानं मधलंच पान उघडलं आणि बोट ठेवून वाचू लागली. "फुलय पाणी आणते. फुलय लाकूड तोडते." पान उलटलं. "फुलय डोंगर चढते. फुलय विटा वाहते. फुलय भात रांधते." शेजारच्या बायका जमल्या. पानापानाला नाव निघायचं आणि पोरी ओरडायच्या. फुलय तोंडावर पदर धरून ऐकत होती. मला इतक्या वर्षांचं ओझं उतरल्यासारखं वाटलं.

पाच-सात पानं झाल्यावर तिनं पदर काढला. "भाऊ, नाव टाकलं, लई झालं. पण कामं केवढी लावली! एवढं तं त्या मुकादमानंबी लावलं नव्हतं."

"वाक्यं तुमचीच आहेत, फुलयबाई. तुम्ही सांगितली तशी लिहिली."

"हौ, माहीच हायत. जे दिवसभर केलं, तेच सांगितलं." तिनं पुस्तकाकडं बोट केलं. "फुलय बसली, असं कुठं हाय काय?"

जमुनानं तो शब्द काढला. तिथं लिहिलं होतं, 'माननीय अध्यक्ष आसनावर बसले.' हे वाक्य माझं नव्हतं. सगळ्या कोशात मंडळाचा एकदाही उल्लेख नाही, हे अध्यक्षांच्या शेवटच्या प्रुफात लक्षात आलं होतं आणि त्यांनी आपल्यासाठी हा एकच शब्द राखून घेतला होता.

"आन झोपली?"

जमुनानं 'झोपणे' काढलं. 'वाघ झोपला आहे.'

झोपायला वाघ आणि बसायला अध्यक्ष. मला मान वर करवेना. आमच्या सगळ्या विद्वत्तेत या बाईला टेकायला एक ओळ मिळाली नव्हती. पुढच्या आवृत्तीत घालू, असं मी पुटपुटलो. पुढची आवृत्ती निघणार नाही हे मला तेव्हाच माहीत होतं. पहिलीच्याच प्रती गठ्ठ्यानं पडून होत्या आणि अकरा घरच्या लग्नांत आहेर म्हणून दिल्या जाणार होत्या.

फुलय हसली. कार्यालयात हसायची तशीच, पोट धरून. मग बाजेची दोरी तिनं अर्धवट टाकली, चूल पेटवायला निघालेल्या सुनेला हातानं थांबवलं, भिंतीला पाठ लावून पाय लांब केले आणि लेकीला म्हणाली, "वाच. पयल्यापासून वाच. फुलय बसली हाय."